“मुलीकडून हरलास?”

मे महिन्यातला रविवार होता. आमच्या गावातल्या एका मंगल कार्यालयात मुलांची बुद्धिबळाची रॅपिड, म्हणजे झटपट डावांची, स्पर्धा चालू होती. पंगतीची लांब टेबलं, त्यांवर पांढऱ्या चादरी आणि चादरींवर गुंडाळी करून आणलेले रेक्झिनचे पट. पंख्याच्या वाऱ्याने पटांचे कोपरे सारखे वर उचलले जायचे आणि मुलं ते कोपराने दाबून धरायची. निकालाच्या चिठ्ठ्या गोळा करायचं काम माझ्याकडे होतं.

पाचव्या फेरीत अकराव्या बोर्डावर एक मुलगा आणि त्याच्याहून वर्षभराने लहान असेल अशी मुलगी खेळत होते. बाकीचे डाव संपले होते. मुलीकडे एक प्यादं जास्त होतं. ते सातव्या ओळीत जाऊन अडकलेलं आणि त्याच्या पुढे आठव्या ओळीत तिचाच राजा. दोघांकडे एकेक हत्ती. तिने राजा बाहेर काढला की मुलगा हत्तीने शह देणार, हे उघड होतं. तिच्या घड्याळात सव्वा मिनिट उरलं होतं. तिने उजवा हात मांडीखाली दाबून धरला, पटाकडे बघत राहिली आणि मग हत्ती उचलून चौथ्या ओळीत ठेवला. हत्तींचा अंत्यडाव ज्यांनी शिकला आहे त्यांना ही चाल माहीत असते. राजा शह चुकवत चुकवत खाली उतरतो आणि शेवटी चौथ्या ओळीतला हा हत्ती आडवा येऊन शह तोडतो. याला पूल बांधणं म्हणतात. पुस्तकात ते सोपं दिसतं. घड्याळ पळत असताना त्या वयात ते सुचणं सोपं नाही. आणखी चार-पाच चाली झाल्या आणि मुलाने हात पुढे केला.

दाराबाहेर त्याचे वडील उभे होते. त्यांनी चेहऱ्यावरूनच निकाल ओळखला. म्हणाले, “काय रे, मुलीकडून हरलास?”

मुलगी मागेच होती, पाण्याच्या बाटलीचं झाकण उघडत. तिने ते ऐकलं. मुलाने पूल कसा बांधला गेला हे पाहिलं होतं, आपण कुठे चुकलो हे त्याला बहुधा कळलंही होतं. पण त्या एका वाक्यानंतर त्याच्यासाठी डाव संपला आणि लाज उरली.

हे गृहस्थ वाईट नाहीत. पहाटेची एसटी पकडून पोराला स्पर्धेला आणणारा, दिवसभर उन्हात बाहेर बसून राहणारा माणूस आहे तो. हे वाक्य त्यांनी विचार करून उच्चारलेलं नाही, ते आपल्या सगळ्यांच्या तोंडी आयतं येतं. पण बुद्धिबळपटूंची चरित्रं वाचताना मला हेच वाक्य वेगवेगळ्या देशांत, वेगवेगळ्या भाषांत, जवळपास शंभर वर्षं भेटत आलं आहे. दरवेळी त्याने कुणा ना कुणा मुलीची वाट अडवली आहे. म्हणून हा लेख.

माझं म्हणणं आधीच सांगतो. मुलींच्या आणि महिलांच्या वेगळ्या स्पर्धा बंद कराव्यात असं मला वाटत नाही. पण मुलगी पटावर बसायला लागली की तिला पहिल्या वर्षापासून खुल्या गटात, मुलांसमोर बसवलं पाहिजे. तिथे ती हरेल, शेवटच्या क्रमांकावर येईल, तरी बसवलं पाहिजे. महिला गटासाठी येणारा पैसा तिला त्या खुल्या गटात टिकवून धरण्यासाठी वापरला पाहिजे. आज आपण नेमकं उलट करतो. तिला लवकरात लवकर ‘मुलींमध्ये पहिली’ करतो आणि तिथेच थांबवतो.

सुरुवात व्हेरा मेंचिकपासून करावी लागते. मॉस्कोत जन्मलेली आणि पुढे इंग्लंडमध्ये स्थायिक झालेली ही बाई. १९२७ साली लंडनला महिलांची पहिली जागतिक अजिंक्यपद स्पर्धा झाली, ती तिने जिंकली आणि १९४४ मध्ये मृत्यू येईपर्यंत ते पद तिच्याकडेच होतं. जर्मनीने लंडनवर सोडलेला उडता बॉम्ब तिच्या घरावर पडला आणि ती, तिची बहीण आणि आई एकाच वेळी गेल्या. पण तिचं खरं आयुष्य महिला गटाबाहेर घडलं. १९२९ साली कार्ल्सबाडला जगातल्या बड्या खेळाडूंची स्पर्धा भरली. २२ खेळाडू, त्यात ही एकटी स्त्री. व्हिएन्नाचा आल्बर्ट बेकर तेव्हा सगळ्यांसमोर म्हणाला, जो मेंचिककडून हरेल त्याला ‘व्हेरा मेंचिक क्लब’चं सभासद करून घेऊ. त्या क्लबचा पहिला सभासद बेकर स्वतः झाला.

ही गोष्ट सांगणारे इथे थांबतात. स्पर्धेचा शेवट फार कमी जण सांगतात. मेंचिक त्या स्पर्धेत शेवटची आली. २१ डावांत तिला ३ गुण मिळाले. मला बेकरच्या फजितीपेक्षा हा शेवटचा क्रमांक मोलाचा वाटतो. जगातल्या सर्वोत्तम माणसांसमोर २१ डाव बसायला मिळणं, हरून पुन्हा पट मांडणं, ही संधी त्या काळात दुसऱ्या कुठल्याही स्त्रीला मिळालेली नव्हती. त्याच वर्षी वसंतात रॅम्सगेटला ती रुबिनस्टाइनच्या बरोबरीने दुसरी आली होती, माजी जगज्जेत्या कापाब्लांकाच्या अर्धा गुण मागे. रॅम्सगेटचं यश आणि कार्ल्सबाडचा पराभव एकाच माणसाच्या एकाच वर्षातले आहेत. महिला गटात बसून राहिली असती तर दोन्ही तिच्या वाट्याला आले नसते.

त्या क्लबमध्ये पुढे बरीच मोठी नावं आली. आपल्या उपखंडाचा सुलतान खानही त्यात होता. पंजाबातल्या सर उमर हयात खान यांच्या पदरचा हा माणूस १९२९, १९३२ आणि १९३३ असा तीनदा ब्रिटिश विजेता झाला. जाता जाता एक गोष्ट सांगायला हवी. १९३३ साली ब्रिटिश महिला विजेतेपदही त्याच घरातल्या फातिमा नावाच्या मुलीने जिंकलं. तीही तिथे नोकरीलाच होती. सुलतान खानबद्दल आज बरंच लिहिलं जातं. फातिमाचं नाव मात्र त्या विजयानंतर कुठल्याही मोठ्या स्पर्धेत दिसत नाही. मालक हिंदुस्थानात परतला आणि तिचा खेळ तिथेच संपला.

क्लबचा आणखी एक सभासद म्हणजे हॉलंडचा माक्स युवे. हेस्टिंग्जच्या स्पर्धेत तो मेंचिककडून एकदा नव्हे, दोनदा हरला. हाच युवे १९३५ मध्ये अलेखाइनला हरवून जगज्जेता झाला आणि १९७० मध्ये जागतिक बुद्धिबळ महासंघाचा, म्हणजे फिडेचा अध्यक्ष. आता इथून गोष्ट सरळ गिरगावात येते.

‘नवाकाळ’चे संपादक नीलकंठ खाडिलकर यांच्या तीन मुली, वासंती, जयश्री आणि रोहिणी. भारतात महिलांचं राष्ट्रीय अजिंक्यपद १९७४ साली सुरू झालं आणि पहिलंच वासंतीने जिंकलं. पहिली दहा वर्षं हे विजेतेपद या एका घराबाहेर गेलं नाही. वासंती एकदा, जयश्री चारदा, रोहिणी पाचदा. मराठी माणसाने अभिमानाने सांगावी अशी ही गोष्ट आहे आणि आपण ती पुरेशी सांगत नाही याची मला खंत आहे.

त्याहून मोठी गोष्ट १९७६ ची. तेरा वर्षांची रोहिणी त्या वर्षी पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत उतरली. तिथे तिने तीन राज्यविजेत्यांना हरवलं. एवढी आरडाओरड झाली की प्रकरण उच्च न्यायालयापर्यंत गेलं. मुलीने पुरुषांच्या स्पर्धेत बसायचं की नाही, हा प्रश्न न्यायाधीशांपुढे! निकाल तिच्या बाजूने लागला आणि फिडेच्या अध्यक्षांनीही स्पष्ट निर्णय दिला की राष्ट्रीय किंवा आंतरराष्ट्रीय अजिंक्यपद स्पर्धांत स्त्रियांना मज्जाव करता येणार नाही. ते अध्यक्ष म्हणजे युवे. तरुणपणी एका स्त्रीकडून दोनदा हरलेला माणूस जवळजवळ पन्नास वर्षांनी गिरगावातल्या एका मुलीच्या बाजूने उभा राहिला. त्या दोन पराभवांचा आणि या निर्णयाचा संबंध त्याच्या मनात होता की नव्हता, ते त्यालाच ठाऊक. पण समोर बसून हरलेल्या माणसाला समोरच्याची ताकद कळते, असं मला वाटत आलं आहे. अकराव्या बोर्डावरच्या त्या मुलालाही ती कळली होती. कळली नव्हती ती दाराबाहेर उभ्या असलेल्या वडिलांना.

पण १९७६ मध्ये मिळालेल्या या हक्काचं आपण पुढे काय केलं? विश्वनाथन आनंद १९८८ साली भारताचा पहिला ग्रँडमास्टर झाला, म्हणजे बुद्धिबळातला सर्वोच्च किताब त्याला मिळाला. पहिली भारतीय स्त्री ग्रँडमास्टर, कोनेरू हंपी, झाली २००२ मध्ये. मधल्या काळात आपल्याकडे गुणी मुलींची वाण नव्हती. भाग्यश्री साठे-ठिपसे पाच वेळा राष्ट्रीय विजेत्या, १९९१ मध्ये आशियाई विजेत्या. अनुपमा अभ्यंकर-गोखले याही पाच वेळा राष्ट्रीय विजेत्या. १९८६ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली तेव्हा त्या शाळकरी म्हणाव्यात अशा वयाच्या होत्या. सांगलीसारख्या गावात भाऊसाहेब पडसलगीकरांनी आयुष्य घालून स्पर्धा भरवल्या, त्या गावातून स्वाती घाटे पुढे आली. या सगळ्यांचं कर्तृत्व मोठं आहे आणि ते तुटपुंज्या साधनांत उभं राहिलेलं आहे. म्हणूनच मला हळहळ वाटते. रोहिणीने कोर्टात जाऊन जी वाट मोकळी करून घेतली, त्या वाटेने मुलींना दरवर्षी, ठरवून, पुढे पाठवायची व्यवस्था आपल्या संघटनांनी उभी केली असती, तर हंपीच्या आधीच दोन-तीन मराठी नावं त्या यादीत दिसली असती असं मला मनापासून वाटतं.

अशी व्यवस्था एका घराने स्वतःपुरती उभी केली तेव्हा काय झालं, तेही पाहू. हंगेरीचे लास्लो पोल्गार यांनी तिन्ही मुलींना घरीच शिकवलं आणि पहिल्यापासून मोठ्यांच्या, पुरुषांच्या स्पर्धांत बसवलं. थोरली सुझान १९८६ साली पुरुषांच्या जागतिक अजिंक्यपदाच्या पात्रता फेरीत जाण्याइतकी पुढे आली, तर तिच्याच देशाच्या महासंघाने तिला पाठवलं नाही. त्याच वर्षाच्या अखेरीस फिडेने एक निर्णय घेतला, तो वाचून मला आजही राग येतो. जगातल्या सगळ्या सक्रिय महिला खेळाडूंच्या रेटिंगमध्ये, म्हणजे निकालांवरून ठरणाऱ्या ताकदीच्या आकड्यात, १०० गुण फुकट वाढवायचे, फक्त सुझान पोल्गार सोडून. कारण काय, तर बाकीच्या स्त्रिया आपसांतच खेळतात म्हणून त्यांचं रेटिंग खरं दिसत नाही, सुझान पुरुषांशी खेळते म्हणून तिचं खरं आहे. म्हणजे बाहेर पडून खऱ्या मापाने मोजून घेणारी एकटी मुलगी, आणि महिलांच्या यादीतला तिचा पहिला क्रमांक तिच्याच त्या धाडसापायी गेला.

सुझान थांबली नाही. १९९१ मध्ये ती पुरुषांच्याच निकषांवर ग्रँडमास्टर झाली. त्याच वर्षी धाकटी ज्युडिटही झाली, १५ वर्षं ४ महिन्यांची असताना, सर्वांत लहान वयात ग्रँडमास्टर होण्याचा बॉबी फिशरचा विक्रम मोडून. ज्युडिट महिलांच्या जागतिक अजिंक्यपदासाठी आयुष्यात कधी खेळलीच नाही. जगातल्या पहिल्या दहांत पोचली, २७३५ रेटिंगपर्यंत गेली, २००२ मध्ये कास्पारोव्हला रॅपिड डावात हरवलं, २००५ मध्ये सान लुईसला जगज्जेतेपदाच्या आठ जणांच्या स्पर्धेत बसली. ऑलिंपियाडमध्ये, म्हणजे देशांच्या संघांच्या स्पर्धेत, हंगेरीच्या मुख्य संघात ती वर्षानुवर्षं खेळली. २७०० चा टप्पा ओलांडणारी ती आजवरची एकमेव स्त्री आहे.

ज्युडिटचं उदाहरण दिलं की लगेच कुणीतरी म्हणतं, “अहो, पण ती एकच. बाकीच्या का नाही पोचल्या? काहीतरी नैसर्गिक फरक असणारच.” हा प्रश्न टाळू नये. जगात आजवर दोन हजारांहून अधिक ग्रँडमास्टर झाले, त्यांत स्त्रियांची संख्या पन्नाशीच्याही आत आहे. पण आपल्याच गावातली स्पर्धा डोळ्यांसमोर आणा. शंभर मुलगे आणि सात मुली आल्या, तर पहिल्या पाचांत मुलगी नसणं यात नवल काय? मोठ्या ढिगातून वरचा दाणा निघण्याची शक्यता जास्त असतेच. जर्मनीतल्या लाखाहून अधिक खेळाडूंच्या रेटिंगचा एक अभ्यास २००९ साली प्रसिद्ध झाला. वरच्या शंभर पुरुषांत आणि वरच्या शंभर स्त्रियांत जो फरक दिसतो त्याचा फार मोठा भाग निव्वळ या संख्येने समजावता येतो, असा त्याचा निष्कर्ष होता. त्यावर अभ्यासकांमध्ये वाद आहेत आणि ते चालू राहतील. पण एवढ्यावर माझं काम भागतं. शंभरातल्या सात मुली सत्तर होत नाहीत तोवर मेंदूबद्दलचा निकाल देण्याची घाई कुणी करू नये.

(आपल्या भाषेत पटावर राणी नाही, वजीर आहे. युरोपातल्या बऱ्याच भाषांत सगळ्यात ताकदवान मोहऱ्याला राणी म्हणतात आणि तरी तिथे बायकांना पटापासून लांब ठेवलं गेलं. नावाने काही बदलतं, असं मी म्हणत नाही. तरीही वर्गात आलेली एखादी मुलगी पहिल्याच दिवशी विचारते, “सर, यात बाई कुणीच नाही?” तेव्हा क्षणभर उत्तर सुचत नाही.)

संख्या वाढली की काय होतं हे जॉर्जियाने दाखवलं आहे. नोना गाप्रिंदाश्विली १९६२ मध्ये महिला जगज्जेती झाली आणि सोळा वर्षं राहिली. पण तिचा मला जास्त आदर वाटतो तो १९७७ च्या लोन पाइन स्पर्धेसाठी. अमेरिकेतल्या त्या खुल्या स्पर्धेत ती पुरुषांमध्ये संयुक्त पहिली आली आणि १९७८ मध्ये ग्रँडमास्टर किताब मिळवणारी जगातली पहिली स्त्री ठरली. तिच्या देशाने तिला डोक्यावर घेतलं, राजधानी त्बिलिसीत १९७३ मध्ये बुद्धिबळासाठी प्रासाद उभारला. घरोघरी मुलींच्या हाती पट आला. नोनानंतरची जगज्जेती माया चिबुरदानिद्झे हीसुद्धा जॉर्जियाचीच, आणि १९९२, १९९४, १९९६ अशा सलग तीन ऑलिंपियाडांत महिला सुवर्ण या चिमुकल्या देशाने नेलं.

याच जॉर्जियातल्या बाटुमीत जुलै २०२५ मध्ये नागपूरची दिव्या देशमुख महिला विश्वचषक जिंकली. अंतिम सामना हंपीशी. पारंपरिक वेळेचे दोन्ही डाव बरोबरीत, मग बरोबरी फोडण्यासाठी रॅपिड टायब्रेक, त्यातला पहिला डाव बरोबरीत आणि दुसऱ्यात काळी मोहरी घेऊन विजय. वाटेत तिने चीनच्या झू जिनेर आणि तान झोंगयी यांना घरी पाठवलं, आपल्याच द्रोणवल्ली हरिकालाही. वय १९. डाव संपल्यावर ती आईच्या गळ्यात पडून रडली, ते चित्र आपण सगळ्यांनी पाहिलं. त्या विजयाने ती भारताची ८८वी ग्रँडमास्टर झाली. ८८ मधली चौथी स्त्री.

आणि लगेच कुजबुज सुरू झाली. दिव्याकडे स्पर्धेला जाताना ग्रँडमास्टरचा एकही नॉर्म, म्हणजे स्पर्धेतल्या ठरावीक दर्जाच्या कामगिरीची नोंद, नव्हती. नेहमीच्या मार्गाने तीन नॉर्म आणि २५०० रेटिंग लागतं. महिला विश्वचषक जिंकणारीला किताब थेट द्यावा असा फिडेचा नियम आहे, त्याप्रमाणे तो मिळाला. “म्हणजे शॉर्टकटच की,” असं मला दोन-तीन जाणत्या माणसांनी ऐकवलं. मी त्यांना एवढंच म्हणतो की नियम तिने बनवलेला नाही, आणि जगातल्या सगळ्या बलाढ्य स्त्रियांना बाद फेरीत एकामागून एक हरवणं म्हणजे काय असतं ते एकदा त्या खुर्चीत बसून पाहावं. पण त्यांच्या बोलण्यात एक कण खरा आहे आणि तो मी नाकारणार नाही. महिलांच्या किताबांची मापं मुळातच खाली ठेवलेली आहेत. वुमन ग्रँडमास्टरला २३०० रेटिंग पुरतं, तर इंटरनॅशनल मास्टरला २४०० लागतं. म्हणजे ‘ग्रँडमास्टर’ हा शब्द नावात असूनही तो किताब इंटरनॅशनल मास्टरच्या खाली. १९७६ मध्ये, रोहिणीच्या त्याच वर्षी, हा किताब सुरू झाला. मुलींना प्रोत्साहन म्हणून तो आला हे मान्य. पण कित्येक घरांत २३०० वर पोचल्यावर पेढे वाटले जातात आणि पुढचं सगळं थांबतं.

दिव्या थांबली नाही, याचा मला विश्वचषकाहून जास्त आनंद आहे. त्याच सप्टेंबरात समरकंदला ग्रँड स्विस स्पर्धेत ती महिला गटात न खेळता खुल्या गटात बसली. इजिप्तच्या बासेम अमीनला हरवलं, जगज्जेत्या गुकेशशी बरोबरी केली. मग नोव्हेंबरात गोव्यात विश्वचषक झाला. २०६ खेळाडूंमध्ये ती एकटी स्त्री होती. पहिल्याच फेरीत ग्रीसच्या खेळाडूकडून हरून बाहेर पडली. त्या दिवशी आमच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर एकाने लिहिलं, “हौस फिटली?” मला कार्ल्सबाडची आठवण झाली. २१ डावांत ३ गुण. गोव्यातली ती पहिल्या फेरीतली हार दिव्याच्या आयुष्यात वाया जाणार नाही, याबद्दल माझ्या मनात शंका नाही.

चीनच्या हौ यिफानची धडपडही हीच होती. महिला जगज्जेतेपद तिने स्वतःहून मागे टाकलं, कारण तिला वरच्या खेळाडूंशी खेळायचं होतं. २०१७ मध्ये जिब्राल्टरच्या खुल्या स्पर्धेत दहापैकी सात फेऱ्यांत तिच्यासमोर स्त्रियाच आल्या. शेवटच्या फेरीत भारताच्या ललित बाबूविरुद्ध तिने निषेध म्हणून पाच चालींत डाव सोडला. जोड्या संगणकाने लावल्या होत्या, असं आयोजकांचं म्हणणं. डाव टाकून देणं मला पटलेलं नाही. समोरच्या खेळाडूचाही तो डाव असतो. पण ज्या घुसमटीतून तिने ते केलं ती मला कळते.

आता दुसरी बाजू. तीही मी जवळून पाहिली आहे आणि ती हलकी नाही.

मुलीला खुल्या स्पर्धेला पाठवायचं म्हणजे बरोबर कुणीतरी जायला हवं. मुलगा चौदा वर्षांचा झाला की मित्रांबरोबर डॉर्मिटरीत राहतो, रेल्वेने रात्रीचा प्रवास करतो. मुलीबरोबर आई जाते, म्हणजे तिकीट दोन, खोली वेगळी, आईची रजा. पाच दिवसांच्या स्पर्धेचा खर्च दुप्पट होतो, आणि मग घरातला हिशोब म्हणतो, जिथे बक्षीस नक्की आहे तिथेच जाऊ. नक्की बक्षीस मुलींच्या गटात असतं. स्पर्धेच्या ठिकाणी मुलींना काय काय सोसावं लागतं तेही आता उघडपणे बोललं जाऊ लागलं आहे. जानेवारी २०२४ मध्ये नेदरलंड्समधल्या विक आन झे इथल्या स्पर्धेनंतर दिव्याने स्वतः लिहिलं की प्रेक्षक तिच्या खेळाबद्दल न बोलता कपडे, केस आणि बोलण्याची ढब यांवर शेरे मारत होते. तेव्हा ती १८ वर्षांची होती. अशा जगात मुलींसाठी एक वेगळी, निवांत जागा असणं गरजेचं आहे. महिला स्पर्धांच्या बक्षिसांवर किती तरी खेळाडूंचं घर चालतं. त्या स्पर्धा उद्या बंद केल्या तर मुली खुल्या गटात जाणार नाहीत, त्या खेळच सोडतील. म्हणून त्या बंद करा म्हणणाऱ्यांच्या बाजूने मी नाही.

मग पैसा कुठे लावायचा? नेमका त्या आईच्या तिकिटावर. खुल्या स्पर्धेत खेळणाऱ्या मुलीच्या सोबत येणाऱ्या पालकाची राहण्याची सोय आयोजकांनी करावी. राज्य संघटनेने वरच्या मुलींना दरवर्षी खुल्या राज्य स्पर्धेत फी न घेता बसवावं आणि संघनिवडीत त्यांची त्या खुल्या गटातली कामगिरी धरावी. मुलींचं बक्षीस द्यायचंच तर ते रेटिंगच्या मानाने कोण किती वर खेळलं, यावर द्यावं. आज सातपैकी सहा मुली तिसऱ्या फेरीनंतर आपसांतली बेरीज करत बसतात.

आणि एक शब्द बदलावा. ‘पुरुष गट’. २०२४ मध्ये बुडापेस्टला भारताने ऑलिंपियाडची दोन्ही सुवर्णपदकं जिंकली. महिला संघाचे कर्णधार पुण्याचे अभिजित कुंटे, तिसऱ्या बोर्डावर दिव्याचं वैयक्तिक सुवर्णही. आपल्याकडे बातमी आली, ‘पुरुष आणि महिला संघांचा डंका’. तो पुरुष संघ नव्हता, खुला संघ होता. त्यात स्त्री खेळू शकते. ज्युडिट अशाच संघात खेळली. ज्या गटाला कुणीही कुलूप लावलेलं नाही त्याला आपण रोज छापून ‘पुरुष’ म्हणतो आणि आठ वर्षांची मुलगी ते वाचते.

यंदा आमच्या स्पर्धेच्या पत्रकात आम्ही ‘खुला गट’ असं छापलं. ‘उत्कृष्ट मुलगी’ची ढाल काढून टाकली आणि त्या पैशातून पहिल्या पाच मुलींची पुढच्या रेटिंग स्पर्धेची फी भरायचं ठरवलं. मला वाटलं सगळ्यांना आवडेल. पत्रक गेलं त्या संध्याकाळी एका आईचा फोन आला, आणि ती रागावलेली होती. मी तिला मेंचिकपासून सगळं सांगायला लागलो. तिने मला मध्येच थांबवलं. म्हणाली, “सर, तुमचं बरोबर असेल. पण तिच्या आजीला फी कळत नाही. आजीला घरात ठेवायला काहीतरी दिसलं पाहिजे, तरच पुढच्या वेळी ती हिला सोडेल.”

याचं उत्तर माझ्याकडे नव्हतं. समितीत पुन्हा बसलो. ढाल परत घेतली, लहान आकाराची. फीचे पैसेही तसेच ठेवले. कमी पडले तेवढे आम्ही चौघांनी वाटून घेतले.